'नानूक'मधली तबकडी आणि बंदूक: पार्श्वभूमी
कॅमेरा घेऊन दुर्गम मुलखात जाणाऱ्यांची चर्चा निघाली की 'नानूक ऑफ द नॉर्थ' (१९२२) हा इनुइटांवरचा, म्हणजे कॅनडाच्या अतिउत्तरेकडच्या मूळ रहिवाशांवरचा, चित्रपट येतोच. दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टी मूळचा खनिजं शोधणारा. हडसन उपसागराकडच्या मोहिमांत तो कॅमेरा सोबत न्यायला लागला. १९१६मध्ये टोरांटोत सिगारेटमुळे आग लागून त्याची हजारो फूट निगेटिव्ह जळाली. मग एका फ्रेंच फर कंपनीच्या पैशावर १९२०मध्ये तो चित्रीकरणासाठी या उपसागराच्या काठच्या इनुकजुआक या इनुइट वस्तीत पोचला.

त्यातली दृश्यं रचलेली होती हा वाद मुख्यतः वालरस या सुळेवाल्या समुद्री प्राण्याच्या शिकारीवरून होतो. इनुइट शिकारी एव्हाना बंदूक वापरत होते, पण दिग्दर्शकाला जुनी, हार्पूनची म्हणजे दोरी बांधलेल्या भाल्याची शिकार हवी होती. दोरीला लोंबकळणारे शिकारी त्याला ओरडून सांगत होते, बंदूक चालव. तो ऐकू न आल्यासारखं करून कॅमेऱ्याचं हँडल फिरवत राहिला. जिवाशी खेळ होता, यात शंका नाही. तरी ते कसब त्यांच्या बापजाद्यांचं होतं आणि अशा शिकारीला ते स्वतः राजी झाले होते.

मला जास्त खुपतो तो ग्रामोफोनचा प्रसंग. नायक तबकडी दातांनी चावून बघतो. प्रत्यक्षात ती भूमिका करणाऱ्या माणसाला ग्रामोफोन चांगला ठाऊक होता. याच लोकांनी कॅमेरा उघडून दुरुस्त केला. फिल्म धुवायला बर्फाला भोक पाडून पिंपं भरभरून पाणी आणलं आणि त्यात पडलेले कातडी कपड्यांचे केस वेचून काढले. पडद्यावर मात्र त्यांना यंत्र कळत नाही! भाल्याने त्यांचा काळ मागे नेला; तबकडीने त्यांची अक्कलच काढून घेतली.

बचाव असा करतात की तेव्हा 'डॉक्युमेंटरी' हा शब्दच रुळलेला नव्हता. ते खरं आहे. १९२६मध्ये एका स्कॉटिश समीक्षकाने न्यूयॉर्कच्या दैनिकात याच दिग्दर्शकाच्या सामोआवरच्या चित्रपटासाठी तो वापरला. फ्रेंचमध्ये त्याचा अर्थ नुसता प्रवासपट असा होता. आपल्याकडे 'माहितीपट' म्हटलं की रचलेलं दृश्य फसवणूक वाटतं, जुन्या 'अनुबोधपट'मध्ये ती अपेक्षा एवढी कडक नाही. पण शब्द नवा होता म्हणून याच दिग्दर्शकाचा १९३४चा चित्रपट, 'मॅन ऑफ अरान', सुटत नाही. आयर्लंडच्या अरान बेटांवर शार्कची शिकार कधीच बंद पडली होती. चित्रीकरणासाठी ती बेटकऱ्यांना नव्याने शिकवावी लागली.

१९५३पासून कॅनडा सरकारने इनुकजुआकची कुटुंबं चांगल्या शिकारीचं आश्वासन देऊन सुमारे २,००० किलोमीटर उत्तरेला हलवली. १९५५च्या तुकडीत दिग्दर्शकाचा मुलगा होता, पडद्यावर नायकाची बायको झालेल्या स्त्रीपासून झालेला. बापलेकांची कधीच भेट झाली नाही. २००१मध्ये इनुइटांनी स्वतःच्या भाषेत काढलेल्या कथापटाला कान महोत्सवात पदार्पणाचा पुरस्कार मिळाला. स्थलांतराबद्दल सरकारने माफी मागितली ती २०१०मध्ये, इनुकजुआकला येऊन.