हिवतापाच्या लशीची ३४ वर्षे

जागतिक आरोग्य संघटनेने ६ ऑक्टोबर २०२१ रोजी हिवतापाच्या पहिल्या लशीची, आरटीएस,एसची, आफ्रिकेतील मुलांसाठी शिफारस केली. तिच्यावरचे काम १९८७ मध्ये सुरू झाले होते. इतकी वर्षे का लागली?

पहिला अडसर परजीवीचाच. विषाणूत बहुधा मोजकीच जनुके असतात. हिवतापाच्या प्लास्मोडियम फाल्सिपेरम या परजीवीत पाच हजारांहून अधिक. डास चावल्यावर स्पोरोझॉइट, म्हणजे डासातून अंगात येणारे परजीवीचे रूप, तासाभरात यकृतात शिरतात, तिथे हजारो पटींनी वाढतात आणि रूप पालटून रक्तात उतरतात. या नव्या रूपावर आधीची प्रतिपिंडे चालत नाहीत. म्हणून ती पहिल्या तासासाठी रक्तात आधीपासून भरपूर हवीत. एकदा हिवताप होऊन गेलेल्यालाही पक्के संरक्षण मिळत नाही, तेव्हा निसर्गाकडून उचलावे असे काही नव्हते.

किरणोत्सर्गाने दुबळे केलेले स्पोरोझॉइट टोचले की उंदीर वाचतात, हे संशोधक रूथ नुसेनझ्वाइग यांनी १९६७ मध्येच दाखवले होते. पण डासांच्या लाळग्रंथींतून कोट्यवधी डोसांपुरते स्पोरोझॉइट काढणार कसे? १९८४ मध्ये त्यांच्या आवरणातील प्रथिनाचे जनुक हाती आले. त्या प्रथिनाचा तुकडा हिपॅटायटिस बी विषाणूच्या पृष्ठभागावरील प्रथिनाला जोडून यीस्टमध्ये बनवला, तीच ही लस.

नुसत्या प्रथिनाने भागेना. सोबतचे, प्रतिकारशक्तीला चेतवणारे सहायक द्रव्य बदलून पाहण्यात वर्षे गेली. १९९७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत तेल-पाण्याच्या एका मिश्रणाने सातपैकी सहा स्वयंसेवकांना वाचवले. त्यांना बाधित डास मुद्दाम चावू दिले होते. मग आधी प्रौढ, नंतर १ ते ४ वर्षांची मुले, त्यानंतर तान्ही बाळे, अशी वयाची एकेक पायरी उतरावी लागली. ही घाईने उरकण्याची गोष्टच नाही.

चाचण्यांचा तिसरा टप्पा २००९ ते २०१४ चालला: ७ देश, ११ केंद्रे, १५,४५९ बालके. ५ ते १७ महिन्यांच्या मुलांत चार डोसांनंतर, सुमारे चार वर्षांत, हिवतापाची प्रकरणे ३६ टक्क्यांनी घटली. संरक्षण ओसरते, हे मुलांना तितकी वर्षे डोळ्यांखाली ठेवल्यावरच कळते. लस घेतलेल्या मुलांत मेंदूज्वर थोडा अधिक दिसला, मुलींच्या मृत्यूंबाबतही शंका निघाली. २०१५ मध्ये युरोपीय औषध नियामकाने अनुकूल मत दिले, तरी २०१९ पासून मलावी, घाना आणि केनियात पथदर्शी लसीकरण करून पाहावे लागले. तिथे या शंका खऱ्या ठरल्या नाहीत. ही सहा वर्षे सर्वांत बोचतात, कारण त्या काळात लाखो मुले हिवतापाने दगावली. पण निरोगी बाळाला टोचायची लस शंका मिटल्याविना देणे चूकच ठरले असते.

ऑक्सफर्ड आणि पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटच्या आर२१ या दुसऱ्या लशीला २ ऑक्टोबर २०२३ रोजी शिफारस मिळाली. तिच्यात तेच प्रथिन आहे, फक्त लशीच्या कणावर त्याचे प्रमाण अधिक. कोणता तुकडा घ्यावा आणि चाचणीत काय मोजावे, हे आरटीएस,एसने आधीच ठरवून दिले होते.