ख्त्सकोन्क मठ

तुर्कस्तानच्या कार्स प्रांतातील दिगोर गावाजवळचा उद्ध्वस्त आर्मेनियन मठ. दिगोर नदीने कोरलेल्या खोल घळीत, कड्याच्या कडेला तो उभा होता. तुर्की लोक या जागेला ‘बेशकिलिसे’, म्हणजे पाच चर्चे, म्हणतात. आज त्यांतले एकच उभे आहे.

सातव्या ते तेराव्या शतकांदरम्यान इथे संत कारापेत, देवमाता, संत स्तेपानोस, संत ग्रेगोर आणि संत सार्गिस अशी पाच लहान चर्चे बांधली गेली. मध्ययुगीन आर्मेनियावर राज्य करणाऱ्या बाग्रातुनी राजांची राजधानी, आनी हे शहर, इथून जवळच. त्या घराण्याच्या भरभराटीच्या काळात मठही बहरला. १८७८मध्ये कार्स रशियाकडे गेल्यावर त्याची डागडुजी झाली. १९२०नंतर मात्र इथे कुणी राहिले नाही.

उरलेले चर्च संत सार्गिसाचे, सुमारे १०२४चे. बाहेरून वर्तुळाकार, आत मात्र क्रूसाची मांडणी. वर घुमटाला पेलणारी उंच गोल मान, तिच्याभोवती आंधळ्या, म्हणजे भिंतीवरच कोरलेल्या बंद कमानींची रांग आणि माथ्यावर अर्धवट मिटलेल्या छत्रीसारखे घड्यांचे छप्पर. भिंतींवर आर्मेनियन लिपीतले शिलालेख कोरलेले आहेत. दगड निखळले तिथे तेही गेले.

१९५९मध्ये फ्रेंच अभ्यासक झां-मिशेल त्येरी इथे आले, तेव्हा चार चर्चे जमीनदोस्त झालेली होती आणि पाचव्याच्या भिंतींना भगदाडे पडली होती. लष्कराने सुरुंग लावून ती उडवली, असे दिगोरचे लोक सांगतात. हे भूकंपाचे काम वाटत नाही: भूकंपात आधी उंच घुमट ढासळतो; इथे भिंती खालून फुटल्या आहेत आणि घुमट वर तसाच आहे.

तो टिकला याचे श्रेय आर्मेनियन गवंड्यांच्या पद्धतीला द्यावे लागेल. त्यांची भिंत निव्वळ घडीव दगडांची नसते. आतबाहेर ज्वालामुखीय टफ दगडाचे पातळ थर आणि मधल्या पोकळीत दगडगोटे व चुना कालवून ओतलेला घट्ट गाभा, असे ते काम. दर्शनी दगड गळून पडले तरी हा गाभा भार पेलत राहतो. दिगोर गावातले पाचव्या शतकातले चर्च १९१२च्या भूकंपात कोसळले, त्याचाही आज उरला आहे तो असाच खडबडीत गाभा. योगायोग असा की तेही संत सार्गिसाचेच होते.

चार चर्चांचे रूप आता विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या छायाचित्रांतच पाहायला मिळते. त्यांत पाचही घुमट घळीच्या काठावर दाटीवाटीने उभे दिसतात.