तैवानचं 'देशी' साहित्य आणि तैवानच्या आदिवासींचं साहित्य: एकाच टोपलीत का टाकू नये

तैवानी साहित्यावर लिहिताना एक घोळ पुन्हा पुन्हा होतो. ह्वांग छुन-मिंग आणि स्यामान रापोंगान ही दोन नावं 'तैवानच्या मातीतले आवाज' म्हणून एका दमात घेतली जातात. पहिले ईशान्य तैवानमधल्या यीलानचे, हान चिनी वंशाचे कथाकार. दुसरे लान-यू बेटावरचे, ताओ जमातीचे. दोघांच्या लेखनात विस्कटत चाललेलं गाव आहे आणि बाहेरून येऊन बसलेली सत्ता आहे, म्हणून दोघं एका टोपलीत. पण या दोन प्रवाहांत बाहेरचा कोण, याचं उत्तरच वेगळं आहे. ते लक्षात घेतलं नाही तर दोन्हीकडचं लेखन चुकीचं वाचलं जातं.

'श्यांग-थू' म्हणजे देशी साहित्य मराठी वाचकाला फार समजावून सांगायला नको. आपलं ग्रामीण साहित्य आणि देशीवादाची चर्चा वाचलेल्याला त्याचा सूर लगेच ओळखू येतो. पश्चिमेकडे डोळे लावून बसलेल्या आधुनिकतावादी लेखनाला ते उत्तर होतं. १९७७-७८ मध्ये त्यावर मोठा वाद पेटला. सरकारच्या बाजूच्या टीकाकारांनी या लेखकांवर साम्यवादी चीनची री ओढल्याचा आरोप केला, आणि लष्करी कायदा लागू असताना हा आरोप साधा नव्हता. त्याच वादात टीकाकार ये श-थाओ यांनी 'तैवानची जाणीव' हा निकष पुढे आणला आणि कथाकार छन यिंग-चन यांनी त्याला विरोध केला. एवढं पुरे.

आदिवासींचं साहित्य यानंतरचं आणि वेगळ्या मुळातून आलेलं. तैवानमध्ये आज सरकारमान्य १६ जमाती आहेत. २.३ कोटींच्या देशात त्यांचा वाटा जेमतेम अडीच टक्के. त्यांच्या भाषा ऑस्ट्रोनेशियन कुळातल्या, म्हणजे चिनीपेक्षा फिलिपिन्स आणि इंडोनेशियातल्या भाषांना जवळच्या. एखाददुसरं पुस्तक आधी आलं होतं, पण चळवळ म्हणून हे लेखन उभं राहिलं ते १९८४ च्या डिसेंबरमध्ये आदिवासी हक्कांची संघटना स्थापन झाली त्या काळात. बुनुन जमातीचे डॉक्टर-लेखक तोपास तामापिमा यांचा 'शेवटचा शिकारी' हा कथासंग्रह १९८७ चा. पैवान कवी मोनानेंग यांच्या कविता १९८९ मध्ये पुस्तकरूपाने आल्या. १९९३ मध्ये पुयुमा विचारवंत सुन ता-छ्वान यांनी 'पर्वत आणि समुद्र संस्कृती' हे नियतकालिक सुरू केलं. तोवर सरकारी कागदांवर या लोकांना 'डोंगरी बांधव' म्हणत. 'मूळ रहिवासी' हा शब्द राज्यघटनेत आला १ ऑगस्ट १९९४ ला.

आता खरा मुद्दा, आणि तो यीलानमध्येच नीट दिसतो.

ह्वांग छुन-मिंग यांची 'म्हाताऱ्या मांजराचं बुडणं' ही १९६७ ची कथा घ्या. गावच्या झऱ्याजवळ पोहण्याचा तलाव बांधायचं ठरतं. आ-शंग नावाचा म्हातारा आणि त्याचे सोबती विरोध करतात: इथलं पाणी पवित्र आहे, ही जागा पूर्वजांची आहे. कोणी ऐकत नाही. तलाव होतो आणि म्हातारा त्यातच जीव देतो. कथा उत्तम आहे, म्हाताऱ्याचं दुःखही खरं आहे. देशी साहित्याचा सगळा ताण तिच्यात आहे: इकडे गाव, तिकडे नगदी पैसा आणि शहरी विकास.

पण पूर्वजांची जागा म्हणजे किती पिढ्यांची? यीलानच्या मैदानात हान शेतकऱ्यांची पक्की वसाहत सुरू झाली १७९६ मध्ये, वू शा याच्या नेतृत्वाखाली. त्याआधी हे मैदान कावालान लोकांचं होतं. (कावालान हे नाव व्हिस्कीच्या बाटलीवर वाचलं असेल; ते या लोकांचं नाव आहे.) पुढच्या काही दशकांत त्यांच्या जमिनी गेल्या, बरेच जण दक्षिणेला ह्वालिएनकडे सरकले, आणि स्वतंत्र जमात म्हणून सरकारी मान्यता मिळायला २००२ साल उजाडलं. देशी कथेतला भूमिपुत्र आदिवासी इतिहासात नंतर आलेला वसाहतकार आहे. यामुळे कथा खोटी ठरत नाही. मात्र 'मूळचे' हा शब्द तिथे जपून वापरावा लागतो.

आता तिच्याशेजारी 'शेवटचा शिकारी' ठेवा. बियारी नावाचा बुनुन माणूस जंगलात जातो, मोठ्या कष्टाने एक भेकर मारतो. परतताना चौकीवरचा पोलीस ते काढून घेतो आणि यापुढे शिकार करू नकोस म्हणून बजावतो. इथे झगडा पैशाचा किंवा शहराचा नाही. ज्या जंगलात त्याचे बापजादे राहिले तिथे तो आता कायद्याने चोर आहे. जपानी राजवटीने (१८९५-१९४५) डोंगरी जमिनी सरकारजमा केल्या, नंतर चीनमधून आलेल्या राष्ट्रवादी सरकारने त्या तशाच ठेवल्या. आदिवासी लेखनात सत्ता भेटते ती वनखात्याच्या, पोलीस चौकीच्या, राष्ट्रीय उद्यानाच्या रूपात, आणि तिच्यामागे सपाटीवरचा अख्खा हान समाज असतो, गरीब शेतकऱ्यासकट.

लान-यूचंच पाहा. १९८२ पासून तिथे अणुकचरा साठवला गेला, सुमारे एक लाख पिंपं. ताओ लोकांना कोणी विचारलं नव्हतं. त्या अणुभट्ट्यांची वीज मुख्य बेटाला मिळाली. देशी लेखकाच्या गावालाही. रापोंगान १९८९ मध्ये तैपेईहून बेटावर परतले, कचऱ्याविरुद्धच्या आंदोलनात उतरले, आणि श्वास रोखून मासे मारणं आणि पारंपरिक नाव बांधणं शिकले. ताओंची लहान नाव २१ फळ्या जोडून होते, त्यात लोखंडी खिळा वापरत नाहीत. कोणत्या फळीला कोणत्या झाडाचं लाकूड हे ठरलेलं असतं, म्हणून जंगल आणि समुद्र यांचं ज्ञान एकत्रच लागतं. त्यांच्या लेखनातला समुद्र 'निसर्गवर्णन' म्हणून वाचणं हा मला सगळ्यांत खटकणारा प्रकार. तो समुद्र म्हणजे त्यांचं शेत, वंशावळ आणि शाळा आहे.

या घोळाला तैवानचं राजकारणही खतपाणी घालतं. 'आम्ही चिनी नाही' हे सांगण्यासाठी आदिवासी वारसा पुढे करणं सोयीचं पडतं. त्याच वेळी 'तैवानचा चारशे वर्षांचा इतिहास' असंही सहज म्हटलं जातं, म्हणजे गणना सुरू होते १६२४ च्या डच ठाण्यापासून. त्याआधीची हजारो वर्षं गायब. आदिवासींनी यावर वारंवार हरकत घेतली आहे आणि ती रास्तच आहे.

दुसरी चूक विषयावरून शिक्का मारण्याची. वू मिंग-यी यांच्या 'संयुक्त डोळ्यांचा माणूस' (२०११) या कादंबरीत आमिस आणि बुनुन पात्रं आहेत. वू-ह यांची 'उरलेलं आयुष्य' जपानी सत्तेविरुद्धच्या १९३० च्या वूश उठावावर, तो करणाऱ्या सेदिक जमातीवर आहे. दोन्ही मोठ्या कादंबऱ्या, दोन्ही लेखक हान. हे आदिवासींविषयीचं साहित्य झालं. सुन ता-छ्वान यांनी लेखकाची ओळख हाच निकष धरला, आणि मला तो पटतो. दलित साहित्याच्या संदर्भात स्वानुभव की सहानुभूती हा वाद मराठीने पचवला आहे, तेव्हा इथे अडखळायचं कारण नाही. हान शौर्यकथांनी आदिवासींचं काय केलं याचा दाखला वू फंगच्या दंतकथेत आहे. त्सोउ जमातीने नरमुंडशिकार सोडावी म्हणून या हान दुभाष्याने प्राण दिले, असं शाळेत पिढ्यान्‌पिढ्या शिकवलं गेलं. १९८८ च्या अखेरीस आंदोलकांनी च्यायीमधला त्याचा पुतळा पाडला, आणि त्याच सुमारास तो धडा पाठ्यपुस्तकातून गेला.

किरकोळ गोष्टी चटकन. हाक्का लोक अल्पसंख्य आहेत, पण हानच. हाक्का कथाकार चुंग ली-ह यांना आदिवासी लेखक म्हणू नका. १९४९ नंतर चीनमधून आलेल्यांचं, त्यांच्या लष्करी वसाहतींमधलं साहित्य आणि मलेशियातून आलेल्या चिनी लेखकांचं लेखन हे आणखी निराळे प्रवाह. इंग्रजी मलपृष्ठावर 'नेटिव्ह तैवानीज' दिसलं तर ते बहुधा १९४५ पूर्वी आलेल्या हान कुटुंबांसाठी असतं. आणि रापोंगान हे आडनाव नाही: ताओ रिवाजाप्रमाणे पहिलं मूल झालं की बाप 'स्यामान अमुक' होतो, म्हणजे अमुकचा बाप. सूचीत 'रापोंगान, स्यामान' असं लावणं चूक आहे.

वाचायचं तर इंग्रजीतून का होईना, जोडीने वाचा. ह्वांग यांचा हॉवर्ड गोल्डब्लॅट अनुवादित 'द टेस्ट ऑफ ॲपल्स' आणि बाल्कम दांपत्याने संपादित केलेला 'इंडिजिनस रायटर्स ऑफ तैवान' (२००५), दोन्ही कोलंबिया विद्यापीठाची पुस्तकं. आधी म्हाताऱ्या मांजराची कथा, लगेच शिकाऱ्याची. वूश उठावावरची कादंबरी हाती घेण्याआधी संग्रहातले आदिवासी लेखक संपवा.