सत्तर तासांचे गणित

जितके तास अधिक तितके काम अधिक, हा समज जुनाच आहे. ऑक्टोबर २०२३ मध्ये इन्फोसिसचे सहसंस्थापक नारायण मूर्ती यांनी तरुणांना आठवड्याला ७० तास काम करण्याचा सल्ला दिल्यावर त्याला नव्याने झळाळी आली. हे गणित मात्र चुकीचे आहे.

पहिल्या महायुद्धात ब्रिटनमधील दारूगोळा कारखान्यांतील कामगारांचे, म्हणजे मुख्यतः स्त्रियांचे, कामाचे तास आणि त्यांचे उत्पादन यांच्या नोंदी ठेवल्या गेल्या होत्या. अर्थतज्ज्ञ जॉन पेन्कॅव्हेल यांनी त्या पुन्हा तपासून २०१४ मध्ये दाखवून दिले की साधारण ४९ तासांपर्यंत उत्पादन तासांच्या प्रमाणात वाढते, पुढे वाढ मंदावते, आणि ७० तास राबणाऱ्यांच्या हातून ५६ तासवाल्यांपेक्षा फारसे जास्त काही निघत नाही. रविवारची सुट्टी नसेल तर उत्पादन आणखी घटते. (मुंबईच्या गिरणी कामगारांना ती सुट्टी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८९० मध्येच मिळवून दिली होती, हे जाता जाता.)

कारखान्यात निदान तोफगोळे मोजता येत. कार्यालयात मोजला जातो तो चॅटवरील नावापुढचा हिरवा ठिपका, आणि साहेब उठेपर्यंत खुर्ची न सोडणे किंवा रात्री अकराला मुद्दाम ईमेल धाडणे हाच कामसूपणा ठरतो.

जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय श्रम संघटना यांच्या २०२१ मधील अभ्यासानुसार, आठवड्याला ५५ किंवा अधिक तास काम करणाऱ्यांना ३५ ते ४० तास काम करणाऱ्यांच्या तुलनेत पक्षाघाताचा धोका सुमारे ३५ टक्क्यांनी आणि हृदयविकाराने मृत्यू येण्याचा धोका १७ टक्क्यांनी अधिक असतो. एकट्या २०१६ मध्ये अशा दीर्घ तासांशी जोडलेले मृत्यू सुमारे ७ लाख ४५ हजार होते.