नागपूरचा लेखक कोणासाठी लिहीत आला?

अशोक विजयादशमीच्या दोन दिवस आधीपासून दीक्षाभूमीभोवतीच्या रस्त्यांवर पुस्तकांची दुकानं लागतात. काही मांडवात, बरीचशी जमिनीवर ताडपत्री अंथरून. मागे एकदा अशाच एका ताडपत्रीसमोर एक बाई उकिडवी बसली होती. डोक्यावरचं गाठोडं शेजारी ठेवलेलं, पाय धुळीनं पांढरे. चार पुस्तिका हाताळून तिनं त्यातली सगळ्यात पातळ उचलली आणि कनवटीची नोट काढत विक्रेत्याला म्हणाली, "माह्या पोट्टीले वाचाले पाह्यजे." तिला स्वतःला वाचता येत नसावं, कारण पुस्तिका तिनं उलटी धरली होती.

साहित्यिकांच्या सामाजिक बांधिलकीवर या शहरात जेव्हा जेव्हा वाद पेटतो, तेव्हा मला ती बाई आठवते. लेखकानं समाजप्रश्नांवर लिहावं की नाही, अशा शब्दांत आपण वाद घालतो. नागपूरचा इतिहास मात्र वेगळ्या टोकापासून उलगडतो. इथे आधी नवा वाचक उभा राहिला आणि त्याच्यामुळे लेखणीची दिशा बदलली.

सुरुवात बहुतेक जण १४ जानेवारी १९२३ पासून करतात. त्या संक्रांतीला अमरावतीत विदर्भ साहित्य संघ स्थापन झाला, पुढे त्याचा कारभार नागपुरात आला. नागपूर तेव्हा मध्यप्रांताची राजधानी होतं. सरकारी कचेऱ्या, मॉरिस कॉलेज, वकिलांची वस्ती असलेली सीताबर्डी या सगळ्यात मराठी आणि हिंदी शेजारी शेजारी नांदत होत्या. भाषेचा प्रश्न इथे आपसूकच राजकीय झाला. 'तरुण भारत'चे संपादक ग. त्र्यं. माडखोलकर १९४६ च्या बेळगाव संमेलनाचे अध्यक्ष होते, आणि त्याच संमेलनात संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला. कवी अनिल यांचं 'भग्नमूर्ती' हे दीर्घकाव्य १९४० चं. पुढे सरकारी नोकरीत समाजशिक्षणाचं, म्हणजे प्रौढांना अक्षर शिकवण्याचं काम त्यांच्याकडे आलं. मुक्तछंद लिहिणाऱ्या कवीनं साक्षरतेच्या कामात वर्षं घालवली, ही गोष्ट त्यांच्या कवितेच्या चर्चेत फारशी येत नाही. यायला हवी.

पण संघाच्याही आधी एक दुसरी सुरुवात आहे, आणि मला तीच खरी वाटते.

१ जानेवारी १८७७ रोजी जमशेदजी टाटांची एम्प्रेस मिल सुरू झाली. आसपासच्या खेड्यांतली माणसं मिलच्या भोंग्यावर जगू लागली, त्यात अस्पृश्य मानलेल्या जातींची कुटुंबंही होती. याच शहरात दलित समाजसुधारक किसन फागू बनसोडे काम करत होते. नागपूरजवळच्या मोहप्याचा हा माणूस १९०७ मध्ये मुलींची शाळा काढतो, १९१० मध्ये स्वतःचा छापखाना घेतो. त्यांच्या पत्रांची नुसती नावं वाचली तरी ती कोणासाठी निघत होती ते कळतं: 'निराश्रित हिंद नागरिक', 'विटाळ विध्वंसक', 'मजूर पत्रिका', 'चोखामेळा'. ते कविताही लिहीत. आपल्याला वाचक हवा तर आधी शाळा हवी आणि छापायला यंत्र आपलंच हवं, हे त्यांनी ओळखलं होतं. पुढे धर्मांतराच्या प्रश्नावर त्यांचं आंबेडकरांशी जमलं नाही. म्हणून त्यांचं नाव मागे पडलं असेल, पण हा पाया त्यांनी घातला हे विसरून चालणार नाही.

मग १९५६. १४ ऑक्टोबरला बाबासाहेबांनी नागपुरात बौद्ध धम्माची दीक्षा घेतली आणि लाखोंना दिली. १ नोव्हेंबरला राज्यपुनर्रचना होऊन नागपूरचं राजधानीपण गेलं. अडीच आठवड्यांच्या अंतरानं घडलेल्या या दोन घटना. एकीने शहराचं प्रशासकीय वजन कमी केलं, दुसरीने त्याला वेगळंच केंद्र दिलं. १९६४ मध्ये दीक्षाभूमीवर कॉलेज सुरू झालं. ज्यांच्या घरात आधी कोणी शाळेचा उंबरठा ओलांडला नव्हता, ती मुलं मराठीच्या वर्गात येऊन बसली. त्यांना अभ्यासक्रमात आपलं घर सापडेना. ते लिहायला बसले ते या रिकाम्या जागेपाशी.

'अंतःस्फोट' हे कुमुद पावडे यांचं पुस्तक १९८१ चं. नागपुरात वाढलेल्या या दलित मुलीनं हट्टानं संस्कृत शिकून एम. ए. केलं. शिकवणाऱ्या गोखले गुरुजींबद्दल त्यांनी जिव्हाळ्यानं लिहिलंय. पण पदवी हाती असून नोकरी मिळेना. आंतरजातीय लग्न झालं, आडनाव सोमकुवरचं पावडे झालं, आणि मग नोकरी मिळाली. कुमुद सोमकुवरला ती मिळाली नव्हती, हे त्या स्वतःच नोंदवतात. जातीवर शेकडो पानांचे प्रबंध आहेत, पण एका आडनावाच्या बदलात सगळी व्यवस्था उघडी पाडणारं असं लेखन मी क्वचितच वाचलंय.

त्याच काळात कवितेचा मोठा लोंढा आला. वामन निंबाळकरांची 'गावकुसाबाहेरील कविता' १९७३ ची, यशवंत मनोहरांचं 'उत्थानगुंफा' १९७७ चं, ज्योती लांजेवारांचा 'दिशा' १९८२ चा. लांजेवारांच्या 'आई' कवितेतली आई मोर्चातही चालते. इथल्या लेखकांना सभा, मोर्चा आणि कविता ही वेगळी खाती वाटली नाहीत, ती याच माणसांमुळे.

दुसऱ्या बाजूला महेश एलकुंचवारांचं नाटक उभं आहे. १९८५ च्या 'वाडा चिरेबंदी'त घोषणा नाही, भाषण नाही. अंगणात गंजत पडलेला ट्रॅक्टर आणि बापाच्या मृत्यूनंतर एकत्र आलेलं घर, एवढ्यावर वैदर्भीय जमीनदारीचा अंत दिसतो. बांधिलकी म्हणजे मूठ आवळणंच, असं मानणाऱ्यांनी ते पुन्हा पाहावं.

वाद अजून मिटलेला नाही. जानेवारी २०२१ मध्ये यशवंत मनोहरांनी विदर्भ साहित्य संघाचा जीवनव्रती पुरस्कार नाकारला. मंचावर सरस्वतीची प्रतिमा असणार, हे त्यांचं कारण. संघानं आपली परंपरा बदलायला नकार दिला. मला मनोहरांची भूमिका समजते. ज्यांना अक्षरच नाकारलं गेलं, त्यांच्या वतीनं विद्येच्या देवतेला प्रश्न विचारण्याचा अधिकार त्यांना आहे.

या सगळ्यात एक काम मला सर्वांत मोलाचं वाटतं. २० जुलै १९४२ रोजी नागपुरात दलित महिलांची परिषद भरली, सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्ष होत्या. घटस्फोटाचा हक्क, बहुपत्नीत्वाला बंदी, मिलमधल्या बायकांच्या रजा, असे ठराव तिथे झाले. ते करणाऱ्या बहुतेकींची नावं कुठल्याच पुस्तकात आली नव्हती. मीनाक्षी मून यांनी ऊर्मिला पवार यांच्यासह चळवळीतल्या बायका शोधल्या. त्या तोवर म्हाताऱ्या झाल्या होत्या. या दोघींनी त्यांच्यासमोर बसून त्यांचं बोलणं उतरवून घेतलं. १९८९ मध्ये ते पुस्तक झालं, 'आम्हीही इतिहास घडवला'. यातल्या कितीतरी बायकांची नावं छापील अक्षरात पहिल्यांदा तिथेच आली असतील.