लिस्टरची पाल आणि बाहेरून आलेला कवड्या

आपल्याकडच्या जुन्या घरांना कवड्या साप नवा नाही. दिवसा भिंतीच्या फटीत दडून बसतो, रात्री बाहेर पडून पाली टिपतो. बिनविषारी असूनही मण्यार समजून हकनाक मारला जातो. ख्रिसमस बेटावर याच्याच भावकीतला, आग्नेय आशियातला कवड्या पोचला आणि पुढच्या पंचवीसेक वर्षांत तिथली पालीची एक जात जंगलातून संपली.

हे बेट हिंदी महासागरात, जावाच्या दक्षिणेला सुमारे ३५० किलोमीटरवर आहे. क्षेत्रफळ अवघं १३५ चौरस किलोमीटर, ताबा ऑस्ट्रेलियाचा. जोसेफ लिस्टर हे निसर्गअभ्यासक १८८७ मध्ये एका ब्रिटिश सर्वेक्षण जहाजातून इथे आले होते. या पालीला त्यांचंच नाव मिळालं, लेपिडोडॅक्टिलस लिस्टरी. नाकाडापासून शेपटीच्या बुडापर्यंत ती जेमतेम पाच सेंटीमीटर भरते. अंग राखाडी-तपकिरी, आणि पाठीवरून थेट शेपटीपर्यंत उतरलेला फिकट, रुंद पट्टा. सालीवर चिकटून बसली की नजर तिच्यावरून सहज घसरते. झाडांवर राहणारी, रात्री हिंडून किडे खाणारी ही पाल जगात दुसरीकडे कुठेच नव्हती.

कवड्याची इथली पहिली नोंद १९८७ ची. बहुधा मालवाहू जहाजातून आला असावा. तोवर बेटावर मूळचा साप एकच होता, मातीत राहणारा वाळा, आणि त्याचा पालींना उपद्रव नव्हता. रात्री झाडावर चढून फटीत तोंड घालणारा शिकारी लिस्टरच्या पालीने कधी पाहिलाच नव्हता. गंमत अशी, की माणसांबरोबर बेटावर आलेली घरपाल मात्र याच सापाच्या शेजारी मजेत नांदते आहे. तिचं मूळ आशियातलं. अशा सापांपासून जीव वाचवणं तिच्या पूर्वजांना पिढ्यानपिढ्या करावं लागलेलं. मला हा तपशील सगळ्यात बोलका वाटतो. पिवळ्या वेड्या मुंग्या (सैरावैरा पळणारी, बाहेरून आलेली मुंग्यांची एक जात), मोठी घोण, मांजरं आणि उंदीर यांच्यावरही संशय होता, पण अभ्यासकांचं बोट मुख्यतः कवड्याकडेच जातं. जंगलतोडीवर सगळा दोष ढकलता येत नाही, कारण बेटाचा निम्म्याहून जास्त भाग राष्ट्रीय उद्यान आहे आणि झाडं अजूनही उभी आहेत.

बरीच वर्षं बेपत्ता असलेली ही पाल २००९ मध्ये पुन्हा सापडली. तेव्हा उद्यानाच्या लोकांनी वेळ न घालवता चाळीसेक पाली पकडून पिंजऱ्यात आणल्या. जंगलात ती शेवटची दिसली २०१२ मध्ये. म्हणजे थोडी जरी चालढकल झाली असती, तर हाती काहीच उरलं नसतं. तिथल्याच वनसापसुरळीच्या बाबतीत नेमकं तेच झालं: पिंजऱ्यातली शेवटची मादी २०१४ मध्ये मेली आणि जात संपली. लिस्टरच्या पाली मात्र बेटावरच्या पैदास केंद्रात आणि सिडनीच्या टारोंगा प्राणिसंग्रहालयात वाढत गेल्या. मधे एका जिवाणूच्या आजाराने केंद्राला ग्रासलं, तरी कळप टिकला.

आता प्रश्न त्यांना सोडायचं कुठे, हा आहे. घनदाट जंगलातून साप वेचून काढणं आज तरी कोणाला जमलेलं नाही. म्हणून साप नसलेल्या जागा शोधल्या जातात. ख्रिसमस बेटाची निळ्या शेपटीची सापसुरळीसुद्धा अशीच जंगलातून संपून पिंजऱ्यात वाचली होती. २०१९ मध्ये तिला हिंदी महासागरातल्याच कोकोस बेटांपैकी एका छोट्या बेटावर सोडलं आणि ती तिथे वाढू लागली. पालीचं काम त्याहून अवघड आहे. सापसुरळी दिवसाढवळ्या जमिनीवर मोजता येते, हिला रात्री टॉर्च घेऊन झाडाझाडावर शोधावं लागतं.