म्हणजे एकपात्रीच ना? नाही, परफॉर्मन्स आर्ट

गोव्यात राहणारे दृश्यकलावंत निखिल चोप्रा वेगवेगळे वेश घेऊन तासन्‌तास, कधी दिवसच्या दिवस लोकांसमोर काम करतात. याला परफॉर्मन्स आर्ट म्हणतात, म्हणजे कलावंत स्वतः आणि त्याची कृती हीच कलाकृती. एवढं सांगितलं की समोरचा हमखास विचारतो, ‘म्हणजे एकपात्री करतात का?’ त्यात त्याची चूक नाही. लक्ष्मण देशपांड्यांनी ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये एकट्याने ५२ पात्रं उभी केली. तेव्हापासून एकटा माणूस दिसला की आपल्याला तेच आठवतं.

पण एकपात्रीत संहिता ठरलेली असते. हशा कुठे पडणार, टाळी कुठे येणार, हे नटाला पाठ असतं, आणि शंभरावा प्रयोग पहिल्यापेक्षा घोटीव व्हावा अशी अपेक्षा असते.

चोप्रांचं एक पात्र आहे, योगराज चित्रकार. निसर्गचित्रं काढणाऱ्या आजोबांवरून सुचलेलं. त्याला संवाद नाहीत. तो कपडे चढवतो, दाढी करतो, जेवतो आणि कोळशाने समोरचा परिसर भल्यामोठ्या पृष्ठभागावर काढत बसतो. हात काळे होतात, कपडे मळतात, आणि ते मळणं रंगभूषाकाराने केलेलं नसतं. २०१९ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात त्यांनी सलग ९ दिवस असं सादरीकरण केलं. इथे तिसरी घंटा नाही. बघणारा मध्येच येतो, दहा मिनिटं रेंगाळतो, कंटाळून जातो. (मीही गेलो असतो, खोटं कशाला बोलू?)

खरा फरक धोक्याच्या वेळी कळतो. नाटकातलं पिस्तूल खोटं, सामानाच्या पेटीतून येतं. परफॉर्मन्स आर्ट करणारी मरिना अब्रामोविच १९७४ मध्ये इटलीतल्या नेपल्समध्ये ६ तास स्तब्ध उभी राहिली. टेबलावर ७२ वस्तू होत्या, गुलाब, कात्री, पिस्तूल आणि एक गोळीसुद्धा. लोकांनी तिच्यावर त्या हव्या तशा वापरायच्या होत्या. तिचे कपडे फाडले गेले, शेवटी पिस्तूलही रोखलं गेलं. तिथे ‘पात्र’ नव्हतंच, ती स्वतः होती.

पोटापाण्याचं गणितही निराळं. एकपात्रीवाला नाइट, म्हणजे प्रयोगाचं मानधन, ठरवतो, व्याख्यानमाला आणि गणेशोत्सवाच्या सुपाऱ्या घेतो. प्रयोग वाढले की पैसे वाढतात. परफॉर्मन्स आर्टवाल्याचं काम बहुधा तिकीट लावून चालत नाही. त्याला संग्रहालयाचं आमंत्रण लागतं, रेसिडेन्सी, म्हणजे एखाद्या संस्थेत राहून काम करायची सोय, लागते, पाठीशी गॅलरी लागते. नाहीतर स्वतःच जागा उभी करायची. चोप्रांनी सहकाऱ्यांसोबत २०१४ मध्ये गोव्यात एचएच आर्ट स्पेसेस ही कलावंतांची जागा सुरू केली, आणि पुढे कोची बिनाले या मोठ्या कलाप्रदर्शनाच्या सहाव्या पर्वाची मांडणीही याच मंडळींकडे आली.

शिवाय परफॉर्मन्स आर्टवाला दृश्यकलावंत असल्याने त्याच्या मागे काहीतरी उरतं. प्रयोग संपला की नाटकाचा सेट टेम्पोत चढतो. इथे कोळशाचं चित्र, छायाचित्रं, कधी तो मळका कोटसुद्धा गॅलरीत लागतो आणि त्यावर किंमत लिहिली जाते. विकलं गेलं, तर पुढच्या कामाचा खर्च निघतो.